रशेस येईपर्यंत

आमच्या पिढीने सिनेमा फुटांत मोजला. पस्तीस एमएमच्या फिल्मला सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे मिनिटाला ९० फूट. ४०० फुटांचा डबा साडेचार मिनिटं पुरी व्हायच्या आत संपायचा. सोळा एमएमचा तेवढाच डबा अकरा मिनिटं चालायचा, म्हणून माहितीपट करणारे आम्ही बहुतेकजण सोळावरच जगलो. लिहायला बसलो तरी डोक्यात हीच पट्टी असायची. एक पान म्हणजे एक मिनिट, एक मिनिट म्हणजे इतके फूट, आणि प्रत्येक शॉटचे तीन-चार टेक धरले तर त्याच्या चौपट. ‘गावात पहाट होते’ एवढं एक वाक्य लिहिताना पेन थांबायचं. पहाट किती फुटांची? कोंबडा आरवतो तो धरून की सोडून?

आज पहाट हवी असेल तर कॅमेरा ट्रायपॉडवर लावायचा आणि ऊन अंगावर येईपर्यंत चालू ठेवायचा. कार्ड भरलं तर दुसरं घालायचं. ज्याने ती पहाट लिहिली तोच ती टिपतो, आणि दुपारी जेवण झाल्यावर तोच ती लॅपटॉपवर कापतो. लेखन, छायाचित्रण, संकलन या तिन्हींपुढे एकच नाव येण्याचं आता कुणाला नवल वाटत नाही. आमच्यातल्या बऱ्याच जणांनीही तिन्ही कामं केली. पण आमची तिन्ही कामं तीन वेगळ्या ऋतूंत व्हायची, आजच्या मुलांची एकाच दिवसात होतात. सगळा फरक त्या मधल्या वेळेत आहे, आणि आम्हाला हुरहुर लागते तीही त्या वेळेचीच.

एकाच माणसाने सगळं करायचं, हे आपल्याकडे तर अगदी मुळापासून आहे. दादासाहेब फाळके १९१२ साली लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन आले आणि हात बसावा म्हणून त्यांनी कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपाची वाढ थोडी थोडी करत चित्रित केली. ‘राजा हरिश्चंद्र’चं लेखन त्यांचं, दिग्दर्शन त्यांचं, आणि कॅमेरा चालवणारे त्र्यंबक तेलंगही त्यांनीच शिकवून तयार केलेले. कच्ची फिल्म छिद्रांशिवाय यायची. दिवसाचं काम आटोपल्यावर अंधारात बसून तिला छिद्रं पाडायच्या त्या त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई. फिल्म धुण्यात त्यांचा हात, उन्हात पांढरी चादर धरून उजेड फिरवण्यात त्यांचा हात, आणि साऱ्या मंडळींचा स्वयंपाकही त्यांच्याकडेच. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशन थिएटरात लागलेला तो सुमारे ३,७०० फुटांचा चित्रपट एका संसारात तयार झाला होता. फाळके एकट्याने सगळं करत असं आपण म्हणतो, तेव्हा सरस्वतीबाई मोजायच्या राहून जातात. जुन्या काळाबद्दल बोलताना हे आधी सांगितलं पाहिजे.

पुढे कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी कॅमेराच स्वतः घडवला, आणि त्यांच्या हाताखाली दामले, फत्तेलाल, शांताराम हे पडेल ते काम करत शिकले. मग बोलपट आला, व्याप वाढला, खाती पडली. कॅमेरा खात्यातला माणूस संकलनाच्या खोलीकडे फिरकेनासा झाला. एका खात्यातून दुसऱ्यात जायला अर्धं आयुष्य लागायचं. गोविंद निहलानी छायाचित्रकार व्ही. के. मूर्तींचे सहायक होते. ‘शांतता! कोर्ट चालू आहे’चा आणि ‘अंकुर’चा कॅमेरा त्यांचा. स्वतःचा ‘आक्रोश’ यायला १९८० उजाडलं, तेव्हा त्यांनी चाळिशी गाठली होती. आता अविनाश अरुण यांच्यासारखा छायाचित्रकार पहिल्याच चित्रपटात, ‘किल्ला’मध्ये, दिग्दर्शन आणि कॅमेरा दोन्ही सांभाळतो आणि तो चित्रपट २०१४ साली बर्लिनला जाऊन पारितोषिक घेऊन येतो. त्यातला कोकणातला पाऊस ज्याने मनात पाहिला त्यानेच तो कॅमेऱ्यातून पाहिला, हे पडद्यावर कळतं. मधल्या वीस वर्षांच्या उमेदवारीची तिथे काहीच गरज नव्हती.

पण त्या उमेदवारीतल्या काही गोष्टी अंगाला चिकटून राहिल्या आहेत. कॅमेऱ्याची फिल्मची पेटी, म्हणजे मॅगझिन, भरण्याची ती काळी पिशवी, उदाहरणार्थ. दुहेरी कापडाची, दोन चेनची, हात घालायला इलॅस्टिकच्या दोन बाह्या असलेली. आत मॅगझिन आणि नवा डबा ठेवायचा, दोन्ही चेन लावायच्या, मनगटावरचं घड्याळ काढून ठेवायचं, कारण रेडियमच्या काट्यांचा उजेडही नको. मग कोपरापर्यंत हात आत, आणि पुढचं सगळं बोटांवर. डब्याची चिकटपट्टी सोलायची, ती पुन्हा लागणार म्हणून मॅगझिनच्याच कडेला चिकटवून ठेवायची. काळ्या कागदातून फिल्म काढायची, टोक चाचपायचं, ते फटीतून सरकवायचं आणि आतल्या दात्यांनी धरल्याचं बोटाला कळेपर्यंत श्वास रोखायचा. नव्या सहायकाचे डोळे या सगळ्या वेळात मिटलेले असत. बाहेर मे महिन्याचं ऊन, आत तळहाताला सुटलेला घाम, आणि तो घाम फिल्मला लागता कामा नये. भरलेल्या मॅगझिनवर पांढरी पट्टी लावून तिच्यावर फिल्मचा प्रकार, फूट आणि रीळ क्रमांक लिहायचा. त्या पट्टीवर ज्याचं अक्षर स्वच्छ, त्याला पुढच्या कामाला हमखास बोलावणं यायचं.

आता कार्ड कॅमेऱ्यात सरकवायला दोन सेकंद पुरतात. उजेडाची भीती नाही, घामाची नाही. खरं सांगायचं तर त्या पिशवीत धास्तीखेरीज फारसं काही नव्हतं. एक चेन अर्धवट राहिली की अख्ख्या दिवसाचं काम पांढरं पडायचं आणि त्या पोराला दुसऱ्या दिवशी कुणी बोलवत नसे. आज रात्री कार्डातलं सगळं दोन हार्ड डिस्कवर उतरवलं की शांत झोप लागते. त्या वयात आम्हालाही ती झोप हवी होती. तरीसुद्धा, दर काही मिनिटांनी एक माणूस पिशवीत हात घालून गप्प बसतो आहे आणि तो भरून होईपर्यंत सगळं युनिट थांबलं आहे, ही सक्तीची विश्रांती गेली. त्या चार-पाच मिनिटांत नट आपलं वाक्य पुन्हा मनात घोळवायचे. दिग्दर्शक बाजूला जाऊन कागद काढायचा आणि तीन वाक्यांतलं एक खोडायचा. पुष्कळ चांगल्या दुरुस्त्या त्या पिशवीच्या वेळात झाल्या आहेत.

टेक ओके झाला की कॅमेऱ्याचं गेट तपासलं जायचं. बॅटरी मारून, भिंग लावून, फिल्मची एखादी कपची, एखादा केस तिथे अडकला नाही ना हे बघायचं. ‘गेट साफ’ असं सहायकाने म्हटल्यावरच पुढच्या शॉटची मांडणी सुरू व्हायची. आज टेक संपता संपता सगळे मॉनिटरभोवती गोळा होतात. नट स्वतःला बघतो, त्याची मेकअप करणारी त्याला बघते, निर्मात्याचा भाचा बघतो, आणि प्रत्येकाला काहीतरी सुचतं. तेव्हा टेक कसा झाला हे फक्त कॅमेऱ्याला डोळा लावलेल्या माणसाला माहीत असायचं. दिग्दर्शक त्याच्याकडे बघायचा, तो मान हलवायचा. एवढ्या एका मानेवर लाखाची फिल्म धुवायला जायची.

आणि मग वाट बघणं. आउटडोअरहून डबे मुंबईच्या लॅबकडे निघायचे, बहुधा कुणाच्या तरी मांडीवर, रात्रीच्या गाडीने. लॅबकडून ‘निगेटिव्ह ओके’ एवढा निरोप ट्रंककॉलवर येईपर्यंत सेट मोडायचा नाही, कलाकारांना सोडायचं नाही. रशेस, म्हणजे धुऊन आलेली पहिली, न कापलेली चित्रं, बघायला मिळायचे ते परत आल्यावर, कधी दहा दिवसांनी, कधी महिन्याने. तोवर आपण नक्की काय टिपलं आहे हे कुणालाच ठाऊक नसायचं. एका छोट्या थिएटरात दिग्दर्शक, छायाचित्रकार, संकलक, त्यांचे सहायक, ध्वनीवाला असे सगळे अंधारात बसायचे. आवाज नसलेली चित्रं, मागे प्रोजेक्टरची घरघर, तोच शॉट चार-चारदा. कुणी काही बोलायचं नाही. पण खुर्च्या लाकडी होत्या. शॉट लांबला की त्या करकरायच्या, आणि मुरलेला संकलक पडद्याइतकंच लक्ष त्या करकरीकडे द्यायचा.

या वाट बघण्याला सोनेरी मुलामा देऊ नये. त्या महिन्याच्या शेवटी कित्येकदा फिल्मवर उभा ओरखडा निघायचा, नाहीतर फोकस हललेला असायचा. तोवर शेत कापलं गेलेलं, नदी आटलेली, नटीने केस कापलेले. पुन्हा चित्रण करायला पैसे नाहीत. त्या अंधाऱ्या थिएटरातून बाहेर आलेला छायाचित्रकार जिन्यावर तोंड धरून बसलेला आमच्यातल्या कित्येकांनी पाहिला आहे. आजच्या मुलांवर ही वेळ येत नाही, आणि ती न येणं ही निखळ चांगली गोष्ट आहे.

संकलनाच्या खोलीला आंबूस वास असायचा, फिल्मचा, चिकटपट्टीचा, चहाचा. मधोमध स्टीनबेकचं टेबल, त्याच्या आडव्या थाळ्यांवर चित्राची आणि आवाजाची रिळं. बाजूला कापडी पिशवीचं बिन, त्याच्यावरच्या खिळ्यांना फिल्मचे तुकडे दोरीवरच्या ओल्या कपड्यांसारखे लटकलेले. प्रत्येक तुकड्यावर पांढऱ्या मेणपेन्सिलीने खूण. कापायचं म्हणजे खरोखर पातं चालवायचं, जोडायचं म्हणजे दोन टोकं समोरासमोर ठेवून चिकटपट्टी दाबायची. कापलेल्या दोन फ्रेम परत हव्या झाल्या तर त्या शोधायच्या, बिनमध्ये, जमिनीवर, चपलेच्या तळव्याला. दुपारभर शोधून सापडल्या की खोलीत चहा मागवला जायचा. आणि रिळाच्या शेवटचा एखादा शॉट हवा असला तर अख्खं रीळ डोळ्यांसमोरून पळवावं लागे. त्या पळण्यात नको म्हणून टाकलेला एखादा चेहरा लक्ष वेधून घ्यायचा, आणि तो चेहरा पुढे त्या चित्रपटाचा प्राण ठरायचा.

आज शॉटचं नाव टाइप केलं की शॉट हजर. एकाच प्रसंगाच्या दहा जुळण्या करून ठेवता येतात आणि कुठलीच वाया जात नाही. कळ दाबली की कापलेलं सांधतं. हे वरदान आहे, यात शंका नाही. मात्र टेबलावर कापण्याआधी आम्ही पाच मिनिटं नुसते बसून राहायचो, कारण सांधे जितके जास्त तितका प्रिंट दुबळा. ते बसून राहणंच खरं संकलन होतं. आता आधी कापतात आणि मग बसतात, तोवर समोर इतके पर्याय झालेले असतात की कुठला मुळात का केला होता हेच आठवत नाही.

ज्या गोष्टीसाठी आमचा जीव तुटतो ती मात्र टेबलापेक्षा, पिशवीपेक्षा वेगळी आहे. समजा, दुष्काळी गावावरचा माहितीपट आहे. कागदावर लिहिलं, ‘म्हातारी विहिरीच्या तळातून वाटीने पाणी भरते.’ लिहिणाऱ्याला ते वाक्य आवडलेलं असतं. मग चित्रण. विहिरीत उतरायचं, दोराला कॅमेरा बांधून खाली सोडायचा, गुडघे सोलायचे, म्हातारीला सवय होईपर्यंत तिथेच उकिडवं बसायचं. टिपणाऱ्याला तो शॉट आता स्वतःच्या गुडघ्यांइतका प्रिय झालेला असतो. महिन्याने रशेस येतात. गुडघे भरून आलेले असतात. टेबलापाशी बसलेला माणूस तोच असतो, पण विहिरीत उतरलेला माणूस आता परका झालेला असतो, आणि तो शांतपणे म्हणू शकतो की शॉट लांब आहे, वाटी भरली तिथे कापा. एका माणसातून तीन माणसं करण्याचं काम तो काळ करायचा. आजच्या मुलाला त्याच रात्री, गुडघ्याला हळद लावलेली असतानाच कापायला बसावं लागतं, कारण सकाळी ते कुठेतरी पाठवायचं असतं. मग शॉट लांबतो. तो लांबतो ते कौशल्य कमी म्हणून नाही. त्याच्यातले तिघंही अजून त्या विहिरीतच असतात.

एवढं म्हटल्यावर दुसरी बाजू मोठ्याने सांगायला हवी. त्या टेबलाशी बसायला जागा कुणाला होती? कच्ची फिल्म परदेशातून यायची, तिचा कोटा असायचा, किंमत डोळे फिरवणारी. लॅब मुंबईत, उपकरणं मुंबईत, ओळखी मुंबईत. बायका किती? संकलनात रेणू सलुजांचं नाव आम्ही अभिमानाने घेतो, ‘जाने भी दो यारों’, ‘अर्धसत्य’, ‘परिंदा’ कापणाऱ्या रेणू सलुजा. ते एकच नाव पुन्हा पुन्हा घ्यावं लागतं, यातच तेव्हाची स्थिती कळते. कॅमेऱ्यामागे तर तेवढीही नावं नव्हती. आणि गावकुसाबाहेरच्या माणसाचं आयुष्य पडद्यावर आलंच तर ते दुसऱ्या कुणीतरी लिहिलेलं, दुसऱ्या कुणीतरी टिपलेलं, तिसऱ्याने कापलेलं असायचं.

नागराज मंजुळे करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे. कविता लिहिणारे. अहमदनगरला शिकत असताना त्यांनी ‘पिस्तुल्या’ हा लघुपट केला, त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, मग २०१३ मध्ये ‘फँड्री’ आणि २०१६ मध्ये ‘सैराट’. हातात येणारा, परवडणारा कॅमेरा नसता, फुटाफुटाचा हिशेब देणारं कुणी मागे उभं असावं लागलं असतं, तर ही वाट किती लांबली असती याचा विचार मनात येतो आणि आमची हुरहुर तिथे थोडी ओशाळते. स्टीनबेकसाठी हळहळतात ते ज्यांना त्याच्यासमोर बसायला मिळालं ते. ज्यांना दारातूनच परत जावं लागलं त्यांनी त्या टेबलासाठी का हळहळावं? आज एखादी मुलगी कॅमेरा, माइक आणि लॅपटॉप पाठीवर टाकून एसटीने निघते, परवानगी कुणाची नाही, सोबत कुणी नाही, आणि ज्या घरात दहा माणसांच्या युनिटसमोर कुणी तोंड उघडलं नसतं त्या घरात चुलीशी बसून ती बोलणं टिपून आणते. हे आमच्या काळात होत नव्हतं.

एका माणसाच्या कामात हे दोन्ही काळ एकमेकांना लागून दिसतात. माहितीपटकार आनंद पटवर्धन. १९७४ मध्ये बिहारच्या आंदोलनात त्यांनी सुपर एट कॅमेऱ्यावर चित्रण केलं, ते पडद्यावर टाकून सोळा एमएमवर पुन्हा चित्रित केलं, आणि आणीबाणीत त्या फिल्मचे तुकडे करून ते देशाबाहेर न्यावे लागले. जुन्या तंत्राचं सगळं दारिद्र्य आणि सगळी जिद्द त्यात आहे. मग ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं गेली, आणि काही दिवसांत शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. घोगरे पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’ या माहितीपटात गायले होते. पटवर्धन कॅमेरा घेऊन तिथे गेले ते चौदा वर्षं जात राहिले. ‘जय भीम कॉम्रेड’ २०११ साली पूर्ण झाला, तीन तासांहून मोठा, बहुतांश कॅमेरा आणि संकलन त्यांचं स्वतःचं. फिल्मच्या जमान्यात चौदा वर्षांचं चित्रण कुणाच्या खिशाला परवडलं असतं? व्हिडिओ होता म्हणून ते झालं. म्हणजे नव्या साधनाने वाट बघणं संपवलं असंही नाही. कुणी ठरवलं तर आमच्यापेक्षा कितीतरी लांब वाट बघता येते. फक्त ती आता प्रत्येकाला स्वतः ठरवावी लागते. आमच्यासाठी लॅब ठरवायची.

टिकाऊपणाच्या बाबतीतही आम्ही छाती पुढे काढू नये. ‘राजा हरिश्चंद्र’चा आज काही भागच उरला आहे. पी. के. नायर यांनी आयुष्य वेचून पुण्याच्या चित्रपट संग्रहालयात जे गोळा केलं, त्यातल्या नायट्रेट फिल्मचा मोठा साठा २००३ च्या आगीत जळाला. आमची स्वतःची कितीतरी निगेटिव्हं लॅबच्या गोदामात भाडं थकल्यामुळे नाहीशी झाली. हार्ड डिस्कही मरतात, पण त्यांच्या प्रती काढता येतात, आणि प्रत काढणाऱ्याला निगेटिव्ह कापणाऱ्यासारखे पांढरे हातमोजे घालावे लागत नाहीत.

तेव्हा तंत्र परत आणा असं आमचं म्हणणं नाही. परत हवं आहे ते रशेसचं थिएटर. आज चित्रपटाचा पहिला कच्चा जोड मोबाइलवर लिंक होऊन येतो. आम्ही तो लोकलच्या डब्यात, रांगेत, जेवताना बघतो आणि उत्तरादाखल अंगठा पाठवतो. बनवणाऱ्याला त्या अंगठ्यातून काय कळणार? तिन्ही कामं एकटा करणाऱ्याला तर चौथा माणूस आमच्यापेक्षा जास्त हवा असतो. आमच्याकडे निदान संकलकाचा सहायक असायचा, निगेटिव्ह कापणारा असायचा, लॅबमधला ग्रेडर असायचा, आणि त्यातला कुणीतरी न विचारता म्हणायचा की साहेब, तो तिसरा प्रसंग कशाला आहे? तर मुलांनो, एखादी खोली बघा, शाळेची चालेल, सोसायटीचा हॉल चालेल. खिडक्यांना चादरी लावा, फोन बाहेर ठेवायला सांगा, आणि आम्हाला बोलवा. खुर्च्या मात्र लाकडी ठेवा. आम्ही काही बोलणार नाही. कंटाळा आला की त्या करकरतील, आणि कुठे कापायचं ते तुम्ही ठरवा.